‘लीव्ह टू डिफेंड’ म्हणजे काय? थकलेल्या बिलाच्या दाव्यात बाजू मांडायलाही कोर्टाची परवानगी का लागते?

समजा, पुण्यातली एक हाउसकीपिंग एजन्सी एका खासगी कंपनीच्या ऑफिसला ३० कामगार पुरवते. दोघांत लेखी करार आहे. महिन्याचं बिल ३ लाख रुपये. पहिलं वर्षभर पैसे वेळेवर येतात, मग अडकतात. ‘पुढच्या आठवड्यात करतो’, ‘अकाउंट्सला पाठवलंय’, ‘साहेब टूरवर आहेत’ असं करत सहा महिने जातात. एजन्सीला मात्र कामगारांचे पगार, पीएफ आणि ईएसआयचे पैसे दर महिन्याला भरावेच लागतात. थकबाकी १८ लाखांवर गेल्यावर एजन्सी वकिलामार्फत नोटीस पाठवते. त्यावर उत्तर येतं, ‘तुमची सेवा समाधानकारक नव्हती. आम्ही काहीही देणं लागत नाही.’

आता प्रकरण कोर्टात जाणार. नेहमीचा दिवाणी दावा लावला तर प्रतिवादीची कैफियत, मुद्दे काढणं, साक्षीपुरावा, उलटतपासणी, युक्तिवाद अशा सगळ्या पायऱ्या चढाव्या लागतात. त्यात कित्येक वर्षं जाऊ शकतात. म्हणून अशा प्रकरणात वकील बऱ्याचदा ‘समरी सूट’, म्हणजे संक्षिप्त दावा, सुचवतात.

या दाव्याचं वेगळेपण एका वाक्यात सांगता येतं. ज्याच्यावर दावा लावला आहे, त्याला बचाव करण्याचा हक्क आपोआप मिळत नाही. त्याला आधी कोर्टाकडे परवानगी मागावी लागते. हीच ‘लीव्ह टू डिफेंड’. इथे ‘लीव्ह’ म्हणजे सुट्टी नव्हे, परवानगी.

ही परवानगी कोणाला मिळते, कोणाला नाकारली जाते आणि कोणाला ‘आधी पैसे भरा, मग बोला’ असं सांगितलं जातं, यावर दोन्ही बाजूंचं बरंच काही अवलंबून असतं.

समरी सूट म्हणजे नेमकं काय?

दिवाणी प्रक्रिया संहिता, १९०८ या कायद्यातल्या ऑर्डर ३७ मध्ये ही पद्धत सांगितली आहे. ही पद्धत सगळ्या दाव्यांना लागू होत नाही. ती मुख्यतः पुढच्या प्रकारच्या पैशांच्या दाव्यांसाठी आहे:

• हुंडी, प्रॉमिसरी नोट, चेक यांच्या आधारे केलेली मागणी
• लेखी करारातून निर्माण झालेलं कर्ज किंवा निश्चित रक्कम, व्याजासह किंवा व्याजाशिवाय
• एखाद्या कायद्यानुसार देय असलेली निश्चित रक्कम (दंड सोडून)
• अशा रकमेसाठी कोणी दिलेली हमी

यामागचा विचार व्यापाऱ्यांच्या ओळखीचा आहे. रक्कम ठरलेली आहे, कागद हातात आहे, समोरच्याकडे न देण्याचं खरं कारण नाही. मग केवळ वेळ काढण्यासाठी त्याला वर्षानुवर्षं खटला लढू द्यायचा का? कायदा म्हणतो, आधी त्याने कारण सांगावं. ते ऐकण्यासारखं असेल तर खटला चालेल, नाहीतर लगेच निकाल.

सध्याच्या ऑर्डर ३७ चा साचा १९७६ च्या मोठ्या दुरुस्तीतून आला. लीव्ह कधी नाकारता येईल, याचे निकषही त्याच दुरुस्तीने नियमातच लिहिले गेले.

सेवा करार यात बसतो का?

हाउसकीपिंग, सिक्युरिटी, सॉफ्टवेअर देखभाल, जाहिरात, कॅटरिंग, वाहतूक, सल्लागार सेवा अशा कामांचे करार यात बसू शकतात. पण दोन गोष्टी हव्यात: करार लेखी हवा आणि मागितलेली रक्कम निश्चित हवी.

‘निश्चित रक्कम’ म्हणजे करारातला दर आणि झालेलं काम यांचा साधा हिशेब करून काढता येणारा आकडा. महिन्याला ठरलेली ३ लाखांची फी, सही झालेल्या हजेरीपत्रकावरून काढलेलं बिल किंवा मंजूर झालेल्या टप्प्यासाठी ठरलेली रक्कम यात येते.

जिथे आकडा कोर्टाने पुरावे तपासून ठरवावा लागतो, तिथे ही पद्धत चालत नाही. ‘करार मध्येच मोडला, त्यामुळे आमचं नुकसान झालं, त्याची भरपाई द्या’ ही मागणी त्याचं उत्तम उदाहरण. सर्वोच्च न्यायालयाने १९७४ मध्ये ‘युनियन ऑफ इंडिया विरुद्ध रमण आयर्न फाउंड्री’ या निकालात सांगितलं होतं की, करारभंगाच्या नुकसानभरपाईचा दावा हा कोर्टाने निर्णय देईपर्यंत ‘देणं’ ठरत नाही. तसंच कराराबाहेर करून घेतलेल्या जादा कामाचा ‘वाजवी मोबदला’ मागितला, तर वाजवी किती याचा पुरावा लागतो. तोही विषय समरी सूटचा नाही.

म्हणून दावा लिहिताना मोह टाळावा लागतो. एजन्सीने १८ लाखांच्या बिलांबरोबर ‘बदनामीचे ५ लाख’ही जोडले, तर समोरच्याच्या हाती आयता मुद्दा लागतो. ऑर्डर ३७ खालच्या दाव्यात ‘या ऑर्डरच्या कक्षेबाहेरची कोणतीही मागणी केलेली नाही’ असं स्पष्ट विधान करावं लागतं. दाव्याच्या शीर्षकात क्रमांकाखाली तो ऑर्डर ३७ खाली दाखल केल्याची नोंदही असावी लागते.

आणि नुसतं बिल असेल तर? बऱ्याच व्यवहारांत मोठा करारनामा नसतो. वर्क ऑर्डर, ई-मेलवर मान्य केलेलं कोटेशन आणि त्यावर आलेली बिलं एवढंच असतं. अनेक प्रकरणांत कोर्टांनी समोरच्याने स्वीकारलेली बिलं लेखी करार म्हणून धरली आहेत. पण एकतर्फी काढलेलं, समोरच्याची सही, शिक्का किंवा मान्यता नसलेलं बिल वेगळं. तिथे ‘लेखी करारच नाही’ हा बचाव उभा राहतो.

दावा लावण्याआधी मध्यस्थी

सेवा पुरवण्याच्या करारातला वाद हा कमर्शियल कोर्ट्स ॲक्ट, २०१५ नुसार ‘व्यावसायिक वाद’ असतो. २०१८ च्या दुरुस्तीनंतर या कायद्यासाठी दाव्याची किमान किंमत १ कोटीवरून ३ लाख रुपयांवर आली. त्यामुळे छोट्या एजन्सींचे वादही या कोर्टांकडे जाऊ लागले.

याच कायद्याच्या कलम १२-अ नुसार, तातडीच्या अंतरिम आदेशाची गरज नसेल तर दाव्याआधी मध्यस्थीचा प्रयत्न करावा लागतो. सर्वोच्च न्यायालयाने ऑगस्ट २०२२ मध्ये ‘पाटील ऑटोमेशन विरुद्ध रखेजा इंजिनिअर्स’ या निकालात ही अट सक्तीची असल्याचं स्पष्ट केलं. ती न पाळता २० ऑगस्ट २०२२ नंतर दाखल केलेला दावा फेटाळला जाऊ शकतो. दावा ‘समरी’ आहे एवढ्यावर मध्यस्थीतून सूट मिळत नाही.

थकबाकीच्या दाव्याला साधारण ३ वर्षांची मुदत असते. मध्यस्थीत गेलेला काळ त्यात मोजला जात नाही. मुदत संपण्याआधी देणेकऱ्याने थकबाकी सही करून लेखी मान्य केली असेल किंवा लेखी नोंदीसह काही रक्कम दिली असेल, तर ही मुदत नव्याने सुरू होते. ‘मार्चअखेर बॅलन्स बरोबर आहे’ असं सही-शिक्क्याचं पत्र त्यामुळे मोलाचं ठरतं.

दोन वेळा १० दिवस, आणि पहिल्याच १० दिवसांत होणारी चूक

समरी सूटमध्ये सर्वांत जास्त घात वेळापत्रकामुळे होतो. त्याचे टप्पे असे:

१. समन्स आणि दाव्याची प्रत मिळाल्यापासून १० दिवसांच्या आत प्रतिवादीने स्वतः किंवा वकिलामार्फत कोर्टात हजेरी नोंदवायची असते. नोटिसा कुठे पाठवायच्या, तो पत्ताही द्यायचा असतो. या टप्प्यावर बचाव मांडायचा नसतो.

२. हजेरी नोंदवल्यानंतर वादी ‘समन्स फॉर जजमेंट’ बजावतो. त्यासोबत प्रतिज्ञापत्र असतं. त्यात दाव्याचं कारण आणि रक्कम यांची खातरजमा असते आणि ‘माझ्या माहितीप्रमाणे प्रतिवादीकडे कोणताही बचाव नाही’ असं शपथेवर सांगितलेलं असतं.

३. हे दुसरं समन्स मिळाल्यापासून १० दिवसांच्या आत प्रतिवादीने लीव्ह टू डिफेंडचा अर्ज करायचा असतो. बचाव कशावर उभा आहे, ती तथ्यं प्रतिज्ञापत्रात मांडायची असतात.

पहिल्या १० दिवसांत हजेरी नोंदवली नाही तर दाव्यातली विधानं मान्य आहेत असं धरलं जातं आणि वादीला हुकूमनामा मिळू शकतो. हजेरी नोंदवली पण नंतर लीव्हचा अर्ज केला नाही, तरी तोच परिणाम.

नेहमीच्या दाव्यात कैफियत द्यायला ३० दिवस असतात आणि मुदतवाढही मिळते. त्या सवयीने ‘बघू, तारखेला वकील पाठवू’ म्हणणारी कंपनी इथे बाजू न मांडताच हरू शकते. उशिरासाठी पुरेसं कारण दाखवलं तर कोर्ट तो माफ करू शकतं. पण समन्स रिसेप्शनवर पडून राहिलं, हे कारण प्रत्येक वेळी चालेलच असं नाही.

परवानगी द्यायची की नाही, कोर्ट कसं ठरवतं?

या टप्प्यावर कोण खरं आणि कोण खोटं, याचा निवाडा कोर्ट करत नाही. कोर्टापुढचा प्रश्न मर्यादित असतो: प्रतिवादी जे सांगतो आहे, त्यात पुरावा घेऊन तपासण्यासारखं काही आहे का?

नियमातच लिहिलं आहे की, सांगितलेल्या तथ्यांतून भक्कम बचाव दिसत नाही किंवा बचाव पोकळ आणि निव्वळ त्रास देण्यासाठी आहे अशी खात्री झाल्याशिवाय लीव्ह नाकारता येत नाही.

सर्वोच्च न्यायालयाने १९५८ मध्ये ‘संतोष कुमार विरुद्ध भाई मूल सिंग’ या प्रकरणात एक महत्त्वाची गोष्ट सांगितली. तिथे वाद चेकचा होता. बचाव खरा आणि तपासण्याजोगा असेल, तर प्रतिवादीने त्याच टप्प्यावर कागदोपत्री पुरावा दिला नाही, एवढ्यावरून त्याच्यावर अट घालता येत नाही. कारण पुरावा देण्याची वेळ लीव्ह मिळाल्यानंतर येते.

पुढे १९७६ च्या ‘मेकॅलेक इंजिनिअर्स’ निकालातली तत्त्वं अनेक वर्षं वापरली गेली. १५ नोव्हेंबर २०१६ रोजी ‘आयडीबीआय ट्रस्टीशिप सर्व्हिसेस विरुद्ध हबटाउन’ या प्रकरणात सर्वोच्च न्यायालयाने नियमातली दुरुस्ती लक्षात घेऊन ती नव्याने मांडली. आज कोर्टं प्रामुख्याने याच निकालाचा आधार घेतात. सोप्या भाषेत ती अशी:

• बचाव भक्कम आहे, यश मिळण्याची शक्यता आहे: विनाअट परवानगी.

• बचाव पक्का नाही, पण रास्त आहे आणि तपासण्याजोगे मुद्दे आहेत: सर्वसाधारणपणे विनाअट परवानगी.

• मुद्दे आहेत, पण प्रतिवादीच्या प्रामाणिकपणाबद्दल किंवा मुद्द्यांच्या खरेपणाबद्दल शंका आहे: सशर्त परवानगी. खटला ठरावीक वेळेत चालवण्याची, पैसे कोर्टात भरण्याची किंवा तारण देण्याची अट घालता येते.

• बचाव अशक्य नाही, पण पटण्याजोगाही नाही: अटी आणखी कडक. संपूर्ण मुद्दल आणि कोर्टाला रास्त वाटेल तेवढं व्याज भरायलाही सांगता येतं.

• खरा बचावच नाही: परवानगी नाही, वादीच्या बाजूने लगेच निकाल.

• काही रक्कम प्रतिवादीने मान्य केली आहे: ती आधी कोर्टात भरल्याशिवाय परवानगी नाही.

हबटाउनचं प्रकरण मुंबई उच्च न्यायालयातून सर्वोच्च न्यायालयात गेलं होतं. तिथे एका कंपनीने दिलेल्या हमीवर दावा होता आणि उच्च न्यायालयाने विनाअट परवानगी दिली होती. सर्वोच्च न्यायालयाने ती बदलून ४१८ कोटी रुपये भरण्याची किंवा तेवढं तारण देण्याची अट घातली.

या निकालानंतर कडक अटींकडे कल झुकतो की काय, असं वाटू शकतं. पण जानेवारी २०२२ मध्ये ‘बी. एल. कश्यप विरुद्ध जेएमएस स्टील्स’ या निकालात सर्वोच्च न्यायालयाने दुसरी बाजू पुन्हा ठळक केली: लीव्ह देणं हा नियम आहे, नाकारणं हा अपवाद.

सेवा करारात हा प्रश्न जास्त अवघड का?

माल विकला तर तो गोदामात दिसतो. किती पोती आली, किती फुटली हे मोजता येतं. सेवेचं तसं नसतं. झाडलेली फरशी दुसऱ्या दिवशी पुन्हा मळते. रात्रपाळीचा सुरक्षारक्षक जागा होता की झोपला होता, हे सहा महिन्यांनी सांगता येत नाही. त्यामुळे ‘सेवा नीट नव्हती’ हा बचाव करायला सर्वांत सोपा आणि खोडून काढायला सर्वांत अवघड असतो.

म्हणूनच अशा प्रकरणांत कोर्टाचं लक्ष एका गोष्टीकडे हमखास जातं: तक्रार पहिल्यांदा कधी केली?

पुन्हा त्या एजन्सीकडे येऊ. सहाही महिने बिलं आली, कंपनीने ठेवून घेतली, एकही तक्रार केली नाही. एजन्सीच्या तगाद्यावर ‘पेमेंट प्रोसेसमध्ये आहे’ अशी ई-मेल उत्तरं गेली. ‘सेवा खराब होती’ हे पहिल्यांदा वकिलाच्या नोटिशीला दिलेल्या उत्तरात आलं. अशा वेळी बचाव मागाहून सुचलेला दिसतो. परवानगी नाकारली जाण्याची किंवा मोठी रक्कम भरण्याची अट येण्याची शक्यता वाढते.

आता चित्र उलटं करून पाहावं. कंपनीने दुसऱ्याच महिन्यात लिहिलं होतं, ‘करार ३० कामगारांचा आहे, रोज २२ च येतात.’ सोबत बायोमेट्रिक हजेरी जोडली होती. पुढच्या महिन्यांतही तशीच पत्रं गेली. एजन्सीने त्यावर काही उत्तर दिलं नाही. हा बचाव खरा आहे. तो शेवटी टिकेल की नाही हे साक्षीपुराव्यात कळेल, पण त्याला ऐकून न घेणं अन्यायाचं ठरेल.

दोन्ही कंपन्या एकच वाक्य बोलत आहेत. फरक फक्त वाद पेटण्याआधी तयार झालेल्या कागदांत आहे.

आणखी काही गोष्टी तराजू इकडे-तिकडे झुकवतात.

जीएसटी क्रेडिट: जीएसटी कायद्यानुसार इनपुट टॅक्स क्रेडिट घेण्यासाठी सेवा मिळालेली असणं ही अट आहे. एखादी कंपनी कोर्टात ‘सेवा मिळालीच नाही’ म्हणत असेल आणि त्याच बिलांवर तिने क्रेडिट घेतलं असेल, तर तिला त्याचं उत्तर द्यावं लागतं.

टीडीएस: बिलाच्या रकमेवर टीडीएस कापून भरला असेल तर कंपनीने ते बिल आपल्या हिशेबात धरलं होतं, असा युक्तिवाद वादी करतो. मात्र टीडीएस कापला म्हणजे देणं मान्य झालंच, असं सरसकट म्हणता येत नाही. इतर कागदांच्या जोडीने त्याला वजन येतं.

करारातली मंजुरीची अट: ‘ॲडमिन मॅनेजरने महिन्याचा अहवाल मंजूर केल्यावरच बिल देय होईल’ असं करारात असेल आणि मंजुरी नसेल, तर रक्कम देय झाली का हाच प्रश्न उभा राहतो. बहुतेक वेळा तो तपासण्याजोगा मुद्दा ठरतो. सेवा ठरलेल्या दर्जाची नसेल तर बिलातून कपात करण्याचं कलम असेल, तर तेही महत्त्वाचं.

प्रतिदावा: ‘आमचं ४० लाखांचं नुकसान झालं, तेच आधी द्या’ एवढं म्हणणं पुरत नाही. नुकसान कधी झालं, कसं मोजलं, त्या वेळी कळवलं का, याचा तपशील हवा. तपशिलाशिवायचा मोठा आकडा उलट संशय वाढवतो.

लवादाचं कलम: करारात वाद लवादाकडे नेण्याचं कलम असेल तर प्रतिवादी त्याआधारे दावाच थांबवायला सांगू शकतो. मात्र हा अर्ज वादाच्या मूळ मुद्द्यांवर आपलं म्हणणं मांडण्याआधी किंवा फार तर त्यासोबत करावा लागतो.

ई-मेल आणि व्हॉट्सॲपवरच्या नोंदी खटल्यात पुरावा म्हणून द्यायच्या तर भारतीय साक्ष अधिनियमाच्या कलम ६३ नुसार प्रमाणपत्र लागतं. १ जुलै २०२४ पूर्वी हीच तरतूद जुन्या पुरावा कायद्यात ६५-ब म्हणून ओळखली जात असे. व्यवहार संपल्यावर फोन बदलणं आणि कर्मचाऱ्याचं ई-मेल खातं बंद करणं यात असे पुरावे अनेकदा हरवतात.

थोडं मान्य, थोडं अमान्य

वरच्याच उदाहरणात कंपनी म्हणते, ३० ऐवजी २२ कामगार आले, म्हणजे ८ कमी. त्या प्रमाणात महिन्याला ८० हजार रुपये जास्त लावले. सहा महिन्यांचे ४ लाख ८० हजार. म्हणजे वाद एवढ्याच रकमेचा आहे. उरलेले १३ लाख २० हजार देणं आहेच, असा त्याचा अर्थ होतो.

अशा वेळी नियम स्पष्ट आहे. मान्य केलेली रक्कम कोर्टात भरल्याशिवाय लीव्ह मिळत नाही. प्रामाणिकपणे वाद घालणाऱ्या कंपनीसाठी हे सोयीचंही असतं, कारण मान्य रक्कम भरून ती आपला उरलेला बचाव खरा आहे हे दाखवून देते. तर सगळंच नाकारायचं ठरवलेल्या कंपनीला २२ कामगारांचे तरी पैसे का दिले नाहीत, याचं उत्तर द्यावं लागतं.

कोर्टात भरलेली रक्कम वादीच्या खात्यात लगेच जात नाही. साधारणपणे ती निकालापर्यंत कोर्टाच्या ताब्यात राहते आणि कोर्टाच्या आदेशाप्रमाणे पुढे दिली जाते. तरीही पैसे कोर्टात आले की वेळ काढण्यातला फायदा संपतो आणि अनेकदा तडजोडीचं बोलणं तिथेच सुरू होतं.

निर्णय झाल्यावर पुढे काय?

लीव्ह मिळाली, तर दावा नेहमीच्या दाव्यासारखा चालतो. प्रतिवादी कैफियत देतो, मुद्दे निघतात, साक्षी होतात. लीव्ह मिळणं म्हणजे जिंकणं नव्हे.

सशर्त लीव्ह मिळाली आणि ठरलेल्या मुदतीत पैसे भरले नाहीत, तर वादी लगेच निकाल मागू शकतो.

लीव्ह नाकारली, तर वादीला हुकूमनामा मिळतो. तो अंतिम निकालच असतो. त्याच्या आधारे दरखास्त दाखल करून बँक खातं किंवा मालमत्ता जप्त करण्याची कारवाई करता येते. कमर्शियल कोर्टाच्या निकालावर ६० दिवसांत अपील करता येतं. पण अपील केलं म्हणून वसुली आपोआप थांबत नाही. स्थगितीसाठी पैसे भरण्याची किंवा तारण देण्याची तयारी ठेवावी लागते.

गैरहजेरीमुळे हुकूमनामा झाला असेल, तर ऑर्डर ३७ च्या नियम ४ खाली तो रद्द करण्यासाठी अर्ज करता येतो. त्यासाठी ‘विशेष परिस्थिती’ दाखवावी लागते. सर्वोच्च न्यायालयाने २००३ च्या ‘रजनी कुमार’ निकालात सांगितलं आहे की, येता का आलं नाही एवढं सांगून भागत नाही. आलो असतो तर लीव्ह मिळण्यासारखा बचाव होता, हेही दाखवावं लागतं.

समरी सूट हा एकच मार्ग आहे का?

नाही. सेवा पुरवणारा सूक्ष्म किंवा लघु उद्योग म्हणून नोंदणीकृत असेल, तर एमएसएमई विकास कायदा, २००६ नुसार तो फॅसिलिटेशन कौन्सिलकडे जाऊ शकतो. त्या कायद्यात पैसे देण्यासाठी जास्तीत जास्त ४५ दिवसांची मुदत आहे. उशीर झाल्यास बँक दराच्या तिप्पट, दर महिन्याला चक्रवाढ होणारं व्याज लागतं. चेक परत गेला असेल, तर त्याबद्दलची फौजदारी तक्रार हा वेगळा मार्ग आहे.

व्यावसायिक वादांसाठी ऑर्डर १३-अ खाली ‘समरी जजमेंट’चीही सोय आहे. नाव सारखं असलं तरी ती पद्धत वेगळी. तिथे नेहमीचा दावा मध्येच, तोंडी पुरावा न घेता निकाली काढण्याची विनंती केली जाते. जो दावा मुळात ऑर्डर ३७ खाली दाखल झाला आहे, त्याला ती लागू होत नाही.

दोन्ही बाजूंसाठी यातलं महत्त्वाचं काय?

समरी सूटकडे कधी ‘झटपट वसुली’ म्हणून, तर कधी ‘तोंड दाबून बुक्क्यांचा मार’ म्हणून पाहिलं जातं. प्रत्यक्षात लीव्ह टू डिफेंडची पायरी या दोन्ही टोकांना आवर घालते. पगार भागवण्यासाठी कर्ज काढणाऱ्या एजन्सीला पोकळ सबबींपायी वर्षानुवर्षं थांबावं लागू नये आणि खरोखर वाईट सेवा मिळालेल्या ग्राहकाला केवळ सही केलेल्या कागदामुळे ऐकून न घेता पैसे भरावे लागू नयेत, हे तिचं काम.

त्यामुळे सेवा देणाऱ्याने दर महिन्याला कामाच्या अहवालावर सही घेणं आणि वर्षाअखेर बॅलन्सची लेखी खात्री करून घेणं, तर सेवा घेणाऱ्याने तक्रार त्याच आठवड्यात लेखी कळवणं आणि वाद नसलेली रक्कम वेळेवर देणं, या साध्या सवयी पुढे उपयोगी पडतात. लीव्हच्या अर्जावर कोर्ट पाहतं ते कागद बहुतेक वेळा कोर्टाची पायरी चढण्याच्या कितीतरी आधी, चांगले संबंध असताना तयार झालेले असतात.